चित्र पुसले, जखम राहिली

धानाची मळणी आटोपली, घरात धान आले, की आमच्या भंडारा जिल्ह्यात दोन गोष्टींचे दिवस येतात. रात्री नाटक आणि दिवसा शंकरपट. चुलबंद नदीच्या काठचे आमचे गाव काही मोठे नाही, पण पटाची जोडी बाळगणारी चार घरे गावात आहेत. त्या घरची माणसे स्वतः बिनदुधाचा चहा पितील, पण बैलाच्या खुराकाला कमी पडू देणार नाहीत. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढची हकीगत वाचून कोणी म्हणू नये की या मास्तरला बैलाची आणि पटाची माया नाही. मी स्वतः लहानपणी वडिलांच्या खांद्यावर बसून पट पाहिले आहेत.

मी प्राथमिक शाळेत मास्तर होतो. आता चार एकर धानाची बांधी आणि दोन म्हशी, एवढाच व्याप. गावातल्या पोरांनी मोबाईलवर गावाचा एक व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप काढला आणि ‘गुरुजी भांडण होऊ देणार नाहीत’ म्हणून मला त्याचा अ‍ॅडमिन केले. अडीचशेच्या वर माणसे त्यात आहेत. खत कधी येणार, वीज कधी जाणार, कोणाची कालवड हरवली, कोणाकडे तेरवी आहे, असे सारे त्यावर येते. सकाळचे देवाचे फोटो तर मोजायचेच नाहीत. त्यात मला विशेष काही करावे लागत नसे. निवडणुकीच्या दिवसांत दोघातिघांना दम दिला, तेवढेच.

गेल्या माघात एका रात्री जेवण करून ओसरीवर बसलो होतो. मोबाईल एकसारखा वाजू लागला. उघडून पाहतो तर अर्ध्या मिनिटाचा व्हिडिओ. जागा ओळखीची, नदीकाठची मोकळी रानवट. दोन दिवसांनी शेजारच्या गावी पट होता आणि आमच्याच गावातली एक जोडी सरावाला काढली होती. अर्ध्या वाटेवर उजवीकडचा बैल अडला. हाकणाऱ्याने आर लावलेली तुतारी त्याच्या शेपटीच्या मुळाशी दोनतीनदा खुपसली. तरी हालेना, तेव्हा शेपटी दातांत धरली. बैल धावला, आणि दान संपल्याबरोबर मातीत बसला. मागे कोणीतरी हसत होते. बैल मी ओळखला. लाल्या त्याचे नाव. वासरू होता तेव्हा आमच्या अंगणातून त्याची ये-जा असे.

पाच मिनिटांत ग्रुपवर नुसता गलका झाला. कोणी हसऱ्या तोंडांची चित्रे टाकली. कोणी आईबहिणीवरून शिव्या दिल्या. कोणी लिहिले, ‘याले गावातून फिरवा.’ नागपूरला शिकणाऱ्या एका मुलीने लिहिले, ‘हा व्हिडिओ सगळीकडे पाठवा, पोलिसांपर्यंत पोहोचला पाहिजे.’ तेवढ्यात पटाच्या मंडळातल्या एकाचा फोन आला. ‘गुरुजी, हे बाहेर गेलं तर परवानगी जाईल जी. साऱ्या पंचक्रोशीचा पट बुडन.’ मागोमाग जोडीच्या मालकाच्या मेहुण्याचा फोन. मी फार विचार केला नाही. व्हिडिओवर बोट दाबून धरले आणि सर्वांच्या मोबाईलमधून पुसून टाकला. खाली लिहिले, ‘असले प्रकार या ग्रुपवर चालणार नाहीत.’ चारपाच जणांनी हात जोडल्याची चित्रे पाठवली. गावाची अब्रू वाचवली, असे समाधान मानून मी झोपलो.

आता कायद्याने पाहिले तर माझ्या अंगाला काही लागत नव्हते. पूर्वी आपल्याच जिल्ह्यात असलेल्या आणि १९९९ पासून गोंदियात गेलेल्या अर्जुनी मोरगावचे एक प्रकरण नागपूरला उच्च न्यायालयात गेले होते. ग्रुपवर एकाने आक्षेपार्ह मजकूर लिहिला, त्यासाठी अ‍ॅडमिनला आरोपी करता येते का, हा प्रश्न होता. १ मार्च २०२१ रोजी नागपूर खंडपीठाने सांगितले की दोघांचा संगनमताचा हेतू असल्याखेरीज नाही. अ‍ॅडमिन माणसे घेऊ शकतो, काढू शकतो. कोण काय लिहील यावर त्याचा ताबा नाही. पुढे २०२२ पासून अ‍ॅडमिनला दुसऱ्याने टाकलेले पुसण्याचीही सोय झाली. म्हणजे कायद्याने ओझे टाकले नाही, पण यंत्राने अधिकार हाती दिला. मला वाटते, माणसाची परीक्षा अशाच ठिकाणी होते. कोणी जाब विचारणार नाही आणि आपल्या बोटात सत्ता आहे, तेव्हा आपण कोणाची बाजू सांभाळतो? त्या रात्री मी मंडळाची सांभाळली, मालकाची सांभाळली, गावाची सांभाळली. बैल माझ्या ध्यानातही आला नाही.

तो ध्यानात आणून दिला एका दहावीतल्या पोराने. व्हिडिओ त्यानेच काढला होता. तो टाकल्याबद्दल बापाने त्याला मारले होते, मोबाईल काढून घेतला होता, आणि गावातली पोरे त्याला ‘चुगलखोर’ म्हणत होती. चौथ्या दिवशी तो माझ्या फाटकाशी येऊन उभा राहिला. मला वाटले, माफी मागायला आला. तो म्हणाला, ‘गुरुजी, त्या बैलाचं का झालं जी?’

मला उत्तर देता आले नाही. तसाच चपला घालून निघालो.

लाल्या कोठ्याच्या अंधाऱ्या कोपऱ्यात बांधला होता. पुढ्यात कुटार तसेच पडलेले. शेपटीच्या मुळाशी सूज, पू, आणि त्यात अळ्या पडलेल्या. शेपटी मध्येच मोडून लोंबत होती. मालक माझ्याकडे न पाहता म्हणाला, ‘हळद भरली होती जी.’ मी विचारले, ‘डॉक्टरला का बोलावले नाही?’ तो बराच वेळ बोलला नाही. मग म्हणाला, ‘कसं बोलावू गुरुजी? साऱ्या गावानं पायलं. डॉक्टर विचारन, हे कसं झालं? मंग मी का सांगू? पोलिसाले कळवलं तर? ढोराले कोनी मुद्दाम मारते का जी. त्या दिवशी माह्यं डोक्सं फिरलं.’

वाचकहो, त्या कोठ्यात उभा असताना मला दोन्ही बाजूंची चूक एकदम दिसली. व्हिडिओ गावभर फिरला म्हणून मालकाने बैल लपवला. आणि मी व्हिडिओ पुसला म्हणून बाकीच्या अडीचशे माणसांनी ती गोष्ट संपली असे धरले. चित्र पुसले, जखम राहिली. ज्याला दुखत होते तो एकटाच चार दिवस अंधारात उभा होता.

१९६२ या क्रमांकावर फोन केला. गुरांचे डॉक्टर आले. जखम धुतली, अळ्या काढल्या, चिरून पू काढला, इंजेक्शने दिली. तेवढ्यात मला आठवले आणि मी त्या पोराला हाक मारली. त्याच्या मोबाईलमध्ये व्हिडिओ अजून होता. बापाकडून तो तेवढ्यापुरता मागून आणला. डॉक्टरांनी तो दोनदा पाहिला, पुन्हा बैलाकडे वळले, केस बाजूला केले आणि खाली आणखी एक खोल टोचल्याचे भोक शोधून काढले. वरून ते मिटले होते, आत पू साठत होता. ‘हे मला दिसलेच नसते,’ ते म्हणाले. ‘आणि त्याच दिवशी बोलावले असते, तर एवढे चिरावे लागले नसते.’

जो व्हिडिओ मी गावाला लाज आणणारी घाण म्हणून पुसला होता, तोच योग्य माणसाच्या हाती गेल्यावर औषधाच्या कामी आला. तेव्हापासून मी या गोष्टीचा विचार करतो आहे.

पटाच्या बाबतीत चित्रांनी काय केले, हे आपण शेतकऱ्यांनी भोगलेलेच आहे. ७ मे २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तामिळनाडूतला जल्लिकट्टू आणि आपल्याकडच्या बैलांच्या शर्यती बंद केल्या. शेपटी पिरगाळणे, चावणे, टोचणे यांचे अहवाल प्राणी कल्याण मंडळाने न्यायालयापुढे ठेवले होते. आपल्याकडे तेव्हा संताप झाला. ‘चार माणसांचे फोटो दाखवून साऱ्यांना गुन्हेगार ठरवले,’ असे मीही म्हणालो होतो. २०१७ साली महाराष्ट्राने कायदा दुरुस्त केला, तरी १६ डिसेंबर २०२१ पर्यंत वाट पाहावी लागली, आणि १८ मे २०२३ रोजी पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने तो कायदा टिकवला. आता पट भरतो तो अटींवर. जिल्हाधिकाऱ्यांची परवानगी, हजार मीटरच्या आतले अंतर, गुरांच्या डॉक्टरांची तपासणी, काठी-चाबूक-टोचणी काही नाही. आणि एक अट अशी की शर्यतीचे चित्रण करून ते सरकारकडे द्यायचे. म्हणजे कायद्याला चित्र नकोसे नाही; उलट तो ते मागतो. कोणीच पाहत नव्हते तेव्हा बैलाच्या बाजूने साक्ष देणारे कोणी नव्हते. आमच्या गावचा प्रकार सरावाच्या दिवशी घडला, तिथे ना डॉक्टर होते ना पंच. एक दहावीतले पोर होते.

पण म्हणून असले चित्र चव्हाट्यावर टाकत सुटावे, असेही नाही. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात मुले पळवणारे समजून जमावाने पाच भिक्षेकऱ्यांना ठार मारले. त्या दिवसांत मोबाईलवरून तशा अफवा फिरत होत्या. चित्र पाहून भडकलेल्या माणसांना चौकशी नको असते, समोर माणूस हवा असतो. आमच्या ग्रुपवर ‘गावातून फिरवा’ लिहिणारे चाळीस जण उद्या त्या मालकाच्या दारी गेले असते, तर त्याच्या म्हाताऱ्या आईचे काय झाले असते? आणि त्याने लाल्याला तरी काय मिळाले असते?

दुसरा धोका त्याहून वाईट आहे. पाहणारे वाढले की करणारे वाढतात. जानेवारी २०२० मध्ये आपल्याच तुमसर तालुक्यात वाघ शेतात आला, तर लोकांची झुंड ओरडत त्याच्यामागे लागली. भांबावलेला वाघ उलटला, तिघे जखमी झाले. एक जण वाघ अंगावर असताना निपचित पडून राहिला म्हणून वाचला. ते चित्र देशभर फिरले. गंमत म्हणून पाहिले गेले. पण झुंडीने वेढलेले ते जनावर काय सोसत होते, याची चर्चा फारशी झाली नाही. आता तर कुठे काही दिसले की आधी मोबाईल निघतो, मग पाय पुढे पडतो.

काही जण तर यावर पैसा करतात. जगातल्या प्राणिरक्षक संस्थांनी मिळून जुलै २०२० ते ऑगस्ट २०२१ या काळात मोबाईलवरची जनावरांच्या छळाची ५,४८० चित्रे-व्हिडिओ गोळा केले. ती पाचशे कोटींहून अधिक वेळा पाहिली गेली होती. त्यांत असेही प्रकार निघाले की कुत्र्याच्या पिल्लाला किंवा माकडाला मुद्दाम संकटात टाकायचे आणि मग वाचवल्याचे नाटक करून व्हिडिओ काढायचा. यूट्यूबने २०२१ साली अशा खोट्या सुटकेच्या व्हिडिओंवर बंदी जाहीर केली. पाहणारा हळहळतो, पुढे पाठवतो. त्याच्या हळहळीवर दुसऱ्याचे दुकान चालते. आपल्या घरातल्या बायामुलांनी हे ओळखायला शिकले पाहिजे. एखाद्या व्हिडिओत पिल्लू विहिरीत पडायच्या आधीपासून चित्रण चालू असेल, तर चित्र काढणाऱ्याला आधीच कसे कळले, हा प्रश्न विचारावा.

आणि जी माणसे मोठ्या कंपन्यांत बसून दिवसभर हेच पाहतात आणि पुसतात, त्यांचे काय होते? माणसांचा, पोरांचा, जनावरांचा छळ रोज डोळ्यांपुढे. त्यांच्या झोपा उडतात, मन आजारी पडते. २०२० साली अमेरिकेत फेसबुकने अशा कामगारांना ५ कोटी २० लाख डॉलर भरपाई देण्याचे कबूल केले. शेकडो कोसांवरच्या त्या अनोळखी माणसांबद्दल वाचले तेव्हा मला आमच्या पोराची आठवण आली. तो रात्री झोपेत दचकतो, असे त्याची आई सांगत होती. म्हणजे अशी चित्रे मोठ्यांच्या मनावरही खुणा ठेवतात. मग अडीचशे जणांच्या ग्रुपवर, जिथे घरोघरची लेकरे आईचा मोबाईल घेऊन बसतात, तिथे ती ठेवावी का? ठेवू नये, हे माझे मत पक्के आहे.

शहरातल्या मंडळींसाठी एक गोष्ट मात्र सांगितली पाहिजे. शेतकऱ्याच्या घरचे सगळेच चित्र क्रूर नसते. गोऱ्ह्याला वेसण घालताना तो ओरडतो, खच्ची करताना धडपडतो. ते चित्र कोणी सुटे काढून पाठवले, तर पाहणाऱ्याच्या अंगावर काटा येईल. १९६० च्या प्राणी क्रूरता प्रतिबंधक कायद्यातही ठरल्या पद्धतीने केलेले खच्चीकरण, वेसण, डाग यांना वेगळे ठेवले आहे. अमेरिकेत १९९९ साली जनावरांच्या छळाच्या चित्रांवरच बंदी घालणारा कायदा झाला होता. २०१० मध्ये तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने तो आठ विरुद्ध एक अशा मताने रद्द केला. त्याची व्याख्या एवढी सैल होती की साध्या शिकारीचे चित्रही गुन्ह्यात बसले असते. पुढे त्यांनी नेमका शब्द वापरून नवा कायदा केला. पाहून वाईट वाटणे आणि क्रूरता असणे, या दोन गोष्टी एक नाहीत. पण मित्रहो, या आडोशाला आपणही फार बसू नये. गोऱ्हा पाडून ठेचण्याची जुनी पद्धत असताना तिलाही आपण रीतच म्हणत होतो. डॉक्टर चिमटा घेऊन येऊ लागले, तेव्हा कळले की तेवढ्या वेदनेची गरज नव्हती.

आमच्या ग्रुपवर आम्ही आता एक रीत ठरवली आहे. असे काही कोणाच्या दृष्टीला पडले, तर ग्रुपवर टाकायचे नाही. माझ्याकडे किंवा सरपंचबाईंकडे आणायचे. चुकून ग्रुपवर आलेच, तर प्रत जपून ठेवायची आणि मगच पुसायचे. पुसणाऱ्याने त्याच दिवशी त्या जनावरापाशी जाऊन उभे राहायचे. फोनवरून नव्हे, पायी. जनावर दुखावले असेल तर १९६२, वन्यप्राणी असेल तर वनखात्याचा १९२६, आणि कोणी जाणूनबुजून मारले-मोडले असेल तर पोलीस. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेच्या ३२५ कलमात जनावर ठार करणाऱ्याला किंवा जायबंदी करणाऱ्याला पाच वर्षांपर्यंत कैद आहे, हेही मी लिहून टाकले. आणि चित्र आणणाऱ्या पोराला मारायचे नाही. ही शेवटची ओळ मी माझ्याकडून घातली.

लाल्याच्या मालकाबद्दल तुम्ही विचाराल. मी पोलिसांत गेलो नाही. त्याला स्पष्ट सांगितले की प्रत माझ्यापाशी आहे आणि पुन्हा तुतारीला आर दिसली, तर मीच ठाण्यात घेऊन जाईन. त्या वर्षी त्याने जोडी पटात उतरवली नाही. औषधपाण्याचा खर्च सोसला, रोज सकाळी जखम धुतली. नागपूरच्या त्या मुलीने मला फोन करून विचारले, ‘गुरुजी, तो तुमच्या गावचा नसता तर तुम्ही असेच केले असते का?’ मी तिला ‘हो’ म्हणू शकलो नाही. ओळखीच्या माणसाला सुधारायची संधी आणि परक्याला शिक्षा, हा न्याय सरळ नाही, हे मला कळते. तिचा प्रश्न मी अजून वागवतो आहे.

पोळ्याच्या आदल्या संध्याकाळी खांद शेकायला घरोघर गडबड होती. मी सहज त्यांच्या अंगणात गेलो. मालक लाल्याच्या खांद्याला लोणी-हळद चोळत होता आणि नेहमीच्या रीतीने त्याला म्हणत होता, आज आवतन घे, उद्या जेवाले ये. ते पोर तिथेच उभे होते. मालकाने त्याला हाक मारली. ‘अबे, काढ ना फोटो. मागूनही काढ. जखम भरली ते दिसू दे लोकाईले.’

तो फोटो ग्रुपवर आहे. वाकडी शेपटी त्यातही दिसतेच.